बारा चित्रांचं पाकीट

चि. पोरी, अनेक आशीर्वाद.

तुझं व्यंगचित्रांचं पाकीट मंगळवारी मिळालं. कुरिअरवाल्याने ते खाली वॉचमनकडे टाकलं आणि वॉचमनने त्यावर चहाचा कप ठेवला. त्यामुळे तुझ्या पाचव्या चित्रातल्या मंत्र्याच्या टोपीवर एक गोल डाग पडलाय. मला तो डाग त्या मंत्र्यापेक्षा बरा वाटला. हे आधीच सांगून टाकतो, म्हणजे पुढचं वाचायला मन घट्ट करशील.

दोन दिवस ती बाराही चित्रं जेवणाच्या टेबलावर पसरून ठेवली होती. आम्ही दोघं ताटं मांडीवर घेऊन जेवलो. चार चित्रांत फास आहे. तिनांत भेगाळलेली जमीन. दोनांत खुर्ची आणि तिला चिकटलेला ढेरपोट्या पुढारी. एकात तराजू, एकात गांधीजींचा चष्मा. उरलेलं सातवं, टँकरचं. त्याच्याबद्दल मागाहून लिहितो.

हात चांगला आहे तुझा. बैलाची मान ज्या एका ओढीत काढलीयस ती बघून मी चष्मा पुसून पुन्हा बघितली. पण ही चित्रं काढायला बीड जिल्ह्यात जन्माला यायची काहीच गरज नव्हती. दादरच्या तिसऱ्या मजल्यावर बसून, आयुष्यात कधी ढेकूळ न तुडवलेल्या माणसाने काढली असती तरी ती अशीच निघाली असती. तो फास तू कुठे पाहिलेला नाहीस, तो वर्तमानपत्रांच्या कोठारातला आहे. आम्हीच तो तिथे ठेवला. मी स्वतः किमान पन्नास वेळा वापरला असेल, आणि प्रत्येक वेळी संपादक ‘वा, भिडलं’ म्हणाले. पन्नासाव्या वेळी कोणाला भिडतं?

तू विचारलंयस, सामाजिक व्यंगचित्रकार व्हायला काय लागतं. बहुतेक तुला वाटतंय की ठाम मतं लागतात. मतं काय, सगळ्यांकडे असतात, केशकर्तनालयात तर फुकट मिळतात. चाळीस वर्षं या धंद्यात काढून मी स्वतःला एकच प्रश्न विचारायला शिकलो, तोही उशिरा. चित्र काढणारा त्या प्रसंगात उभा कुठे आहे?

हा प्रश्न मला छापखान्यात खिळे, म्हणजे अक्षरांचे ठसे, जुळवणाऱ्या एका काकांनी शिकवला, आणि त्यांना ते माहीतही नव्हतं. तेव्हा मी एका जिल्ह्याच्या दैनिकात नवा होतो. उन्हाळ्याचे दिवस, आणि नळावरची भांडणं हा आम्हा चित्रकारांचा हुकमी विषय. मी दोन बायका काढल्या. एकीच्या हातात कळशी, दुसरीच्या हातात पहिलीचा अंबाडा, मागे नळाला लोंबकळणारा एक थेंब. खाली ओळ, ‘पाणीवाटप शांततेत सुरू!’ संपादक हसले, चित्र पहिल्या पानावर गेलं. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी मी खाली गेलो तर काका खणांमधले खिळे वेचता वेचता म्हणाले, “मस्त आहे साहेब. आमची मंडळी पण त्याच नळावर असतात. पाणी रात्री अडीचला येतं. तेव्हा चित्र काढायला कोणी येत नाही म्हणा.” रागाने म्हणाले नव्हते. खरंच माहिती म्हणून सांगितलं.

त्या रात्री मी लगेच नळावर गेलो असं लिहिलं तर छान वाटेल, पण गेलो नाही. चार दिवस गेले. पाचव्या रात्री झोप आली नाही म्हणून सायकल काढली. नळावर भांडण नव्हतं. भांडायला त्राण कुठून आणणार? हंडे ओळीने मांडलेले, आणि बायका भिंतीला टेकून पेंगत होत्या. आपला हंडा ओळखू यावा म्हणून एकीने त्यात दगड ठेवलेला, एकीने पोराची चप्पल, एकीने हळदीकुंकवाची रिकामी डबी. जिची पाळी मोडू नये तिची चप्पल रांगेत उभी होती आणि ती स्वतः दोन गल्ल्या पलीकडे तान्ह्याला पाजायला गेली होती. मी ते हंडेच काढले. एकही माणूस नाही, नुसते हंडे आणि त्यांतल्या वस्तू, आणि वर घड्याळात अडीच. कोणी हसलं नाही. पण तिसऱ्या दिवशी पाणी खात्यातले एक गृहस्थ कार्यालयात येऊन ‘अडीचची वेळ तुम्हाला कोणी सांगितली’ असं विचारत बसले.

पहिलं चित्र काढताना मी रस्त्याच्या पलीकडे, मजा बघणाऱ्यांत उभा होतो. दुसऱ्याच्या वेळी नळाच्या अलीकडे आलो. रेषा दोन्हींत सारखीच होती.

आता व्यंगचित्रकार आर. के. लक्ष्मण यांच्याकडे ये. तुझ्या पत्रात तू त्यांना तीनदा ‘गुरू’ म्हटलंयस, म्हणून. तुला त्यांचं यश ठाऊक आहे. नकार ठाऊक आहे का? म्हैसूरच्या या मुलाने मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टला अर्ज केला, तर विद्यार्थी म्हणून प्रवेश द्यावा इतकी गुणवत्ता चित्रांत दिसत नाही असं उत्तर आलं. मग त्यांनी म्हैसुरातच बी. ए. केलं. थोरले बंधू आर. के. नारायण यांच्या गोष्टींना चित्रं काढली. मुंबईत फ्री प्रेस जर्नलमध्ये लागले, तिथे शेजारी बाळ ठाकरे बसायचे. मालकांनी कम्युनिस्टांची टिंगल करायची नाही असं बजावलं, तेव्हा लक्ष्मण तिथून निघाले आणि १९४७ साली टाइम्स ऑफ इंडियात गेले. १९५१ पासून त्यांची ती एका कॉलमाची रोजची चौकट सुरू झाली. आपल्या लोकांनी ती ‘कसं बोललात!’ म्हणून महाराष्ट्र टाइम्समध्ये वाचली. आमच्या घरी वडील आधी ती चौकट बघायचे, मग मथळे. आईला चित्र वाचून दाखवावं लागायचं नाही, ती म्हणायची, ‘तो बघ बिचारा आज पण कोपऱ्यात.’

तो कोपऱ्यातला माणूस कसा आला ते नीट समजून घे. लक्ष्मण यांना सुरुवातीला सगळा देश चौकटीत बसवायचा होता. म्हणून ते बंगाली काढायचे, पंजाबी, तमिळ, असे नाना प्रांतांचे लोक मागे उभे करायचे. पण चित्र द्यायची वेळ रोजच गळ्याशी यायची. गर्दी काढायला वेळ पुरेना, मग एकेक माणूस गळत गेला आणि शेवटी एकच उरला. धोतर, चौकड्यांचा कोट, गोल चष्मा, टकलाच्या कडेला उडणारे केस. तो कधी बोलला नाही. आजूबाजूचे मंत्री, अधिकारी, ठेकेदार अखंड बोलायचे आणि तो बघत राहायचा. वेळेच्या टंचाईतून हे पात्र जन्माला आलं ही गोष्ट मला फार आवडते. प्रतिभेच्या गोष्टी सांगणाऱ्यांना ती आवडत नाही.

त्याचं न बोलणं ही युक्ती नव्हती, ती त्याची जागा होती. तो मंत्र्याच्या दालनातही असायचा आणि झोपडपट्टीतही, पण कायम किंचित बाजूला. वाचक त्याच्या मागे उभा राहून बघायचा. मंत्र्याचं वाक्य आपण ऐकतो ते त्याच्या कानांनी, म्हणून ते हास्यास्पद होतं. चौकटीतून त्याला बोटाने झाकून बघ एकदा. पुष्कळ चित्रं नुसते विनोद होऊन राहतात.

पण तू त्याची नक्कल करू नकोस. तुझ्या तिसऱ्या चित्रात कडेला उभा केलेला तो पागोट्यातला म्हातारा नक्कलच आहे. आणि आता लहान तोंडी मोठा घास घेतो. लक्ष्मण यांचा माणूस सगळ्यांचा म्हणवला गेला, तरी तो होता कोटातला, शहरी, मध्यमवर्गीय पुरुष. त्याला कधी अडीच वाजता नळावर जावं लागलं नसावं. त्याची बायको चित्रांत यायची आणि बोलायचीही, पण बघणारा मात्र तोच. आता तो वरळीला समुद्राकाठी ब्राँझमध्ये उभा आहे, पुण्यातही उभा आहे. तू ज्या गावातून बघतेस तिथून त्याला दिसणार नाही असं खूप काही तुला दिसतं. ते टाकून तू त्याच्या मागे कशाला उभी राहतेस?

एक दुसरा कोपरा दाखवतो. नाजी अल अली नावाचा पॅलेस्टिनी व्यंगचित्रकार होता. गॅलिलीतल्या अल शजरा गावचा. १९४८ मध्ये घरदार सुटलं आणि लेबनॉनच्या ऐन अल हिलवे छावणीत वाढला. त्याने १९६९ साली कुवेतच्या एका वृत्तपत्रात हंडाला नावाचा पोरगा काढायला सुरुवात केली. अनवाणी, ठिगळं लावलेला, दहा वर्षांचा. गाव सुटलं तेव्हा नाजीचं जे वय होतं ते हंडालाचं कायमचं. पुढे पुढे तो आपल्याकडे पाठ करून, हात मागे बांधून उभा राहू लागला. गावी परत जाईन तेव्हाच याचं तोंड दिसेल आणि तेव्हाच हा मोठा होईल, असं नाजी सांगायचा. पुढारी आपले असोत की परके, दोघांवरही त्याने सारखीच पेन चालवली. जुलै १९८७ मध्ये लंडनमध्ये, वर्तमानपत्राच्या कार्यालयाकडे जाताना त्याला गोळी घातली. महिनाभराने तो गेला.

लक्ष्मण यांचा माणूस आपल्याकडे तोंड करून असतो, त्याच्या चेहऱ्यावरचं आश्चर्य आपल्याला दिसतं. हंडालाचा चेहराच नाही. तो जे बघतोय ते तुम्हीही बघा, एवढंच. दोन माणसं, दोघंही मुकी, दोघंही कोपऱ्यात. पण एकाचं घर शाबूत आहे आणि एकाचं नाही, आणि हे नुसत्या उभं राहण्यावरून कळतं. तास दीड तास यावरच विचार कर, माझं पत्र बाजूला ठेव.

ठेवलंस? मग आता चाबकाचं ऐक. हे लिहायला मला अवघड जातंय.

ऑगस्ट १९४९ मध्ये शंकर यांनी एक व्यंगचित्र काढलं. शंकर म्हणजे केशव शंकर पिल्लई, ज्यांच्या साप्ताहिकात पुढे पिढीच्या पिढी तयार झाली. राज्यघटनेचं काम लांबतंय असा त्या वेळचा एक सूर होता. घटना म्हणजे गोगलगाय, तिच्यावर डॉ. बाबासाहेब आंबेडकर बसलेत, हातात आसूड. त्यांच्या मागे नेहरू, त्यांच्याही हातात आसूड. भोवती हसऱ्या चेहऱ्यांची गर्दी. हे चित्र एनसीईआरटीच्या अकरावीच्या पुस्तकात आलं, आणि २०१२ च्या मे महिन्यात त्यावरून संसदेत गदारोळ झाला. चित्र काढून टाकायचं ठरलं. पुस्तकाचे सल्लागार सुहास पळशीकर आणि योगेंद्र यादव यांनी राजीनामे दिले. पळशीकरांच्या पुणे विद्यापीठातल्या कार्यालयाची मोडतोडही झाली. मोडतोडीचं समर्थन मी तेव्हाही केलं नाही, आजही करत नाही.

पण मी तेव्हा एका कॉलेजात व्याख्यानाला गेलो आणि मोठ्या ऐटीत म्हणालो की अरे, चाबूक गोगलगायीवर आहे, चित्र वाचायला शिका. प्रश्नांच्या वेळी मागच्या बाकावरचा एक मुलगा उठला. तो म्हणाला, “सर, तुमच्या घरी चाबूक चित्रात असेल. आमच्या आज्याच्या पाठीवर होता.” आणि बसला. टाळ्या नाहीत, काही नाही. मी पुढे काय बोललो ते आठवत नाही. बहुधा हास्यचित्र आणि व्यंगचित्र यांतला फरक वगैरे सांगितला असेल. घरी येऊन ते चित्र पुन्हा पाहिलं तेव्हा मला पहिल्यांदा ती गर्दी दिसली. इतकी वर्षं मी गोगलगाय, नेहरू, आसूड बघत होतो. गर्दी बघितलीच नव्हती, कारण मी तिच्यातच होतो.

शंकर दुष्ट नव्हते. ‘मलाही सोडू नका’ असं नेहरूंनी ज्यांना सांगितलं ते हेच. पण २०१९ साली उन्नमती श्याम सुंदर या व्यंगचित्रकाराने १९३२ ते १९५६ या काळात बाबासाहेबांवर निघालेली चित्रं शोधून एका जागी छापली. मिळालं तर वाचनालयातून आणून बघ. नामवंत हातांनी काढलेली चित्रं आहेत. कधी त्यांना इतरांहून बुटकं काढलंय, कधी रडकं पोर केलंय, कधी नवरी. एकेक सुटं बघितलं तर ‘त्या काळचा विनोद’ म्हणून सोडून देता येतं. शंभरावर चित्रं ओळीने बघितली की सोडता येत नाही. चित्रकार, संपादक आणि वाचक हे तिघंही एकाच ओट्यावर बसून बघत असले की कोणाला काही खटकत नाही, एवढंच त्यावरून मला कळलं. तू काढलेल्या ढेरपोट्या पुढाऱ्याकडे या नजरेने बघ. त्याला काळा रंग का दिलायस? विचार करून दिलास की सवयीने?

हे झालं कोणावर हसायचं त्याबद्दल. तू मात्र उलटा प्रश्न विचारलायस, आणि तो जास्त कठीण आहे. तू लिहितेस, ‘आमच्याकडच्या ऊसतोड बायकांच्या गर्भपिशव्या काढल्याच्या बातम्या २०१९ मध्ये आल्या, तेव्हा मी शाळेत होते. त्यावर चित्र काढावंसं वाटतं, पण त्यावर हसायचं कसं?’

हसायचं नाही. व्यंगचित्राने हसवलंच पाहिजे हा नियम कोणी केला? दोमिए नावाच्या फ्रेंच चित्रकाराने राजाला खादाड राक्षस केला म्हणून १८३२ मध्ये तुरुंगवास भोगला. दोन वर्षांनी, एप्रिल १८३४ मध्ये, पॅरिसच्या त्रांसनोनँ गल्लीतल्या एका घरात सैनिकांनी शिरून राहणाऱ्यांना ठार केलं. दोमिएने सैनिक काढले नाहीत, राजा काढला नाही, बंदूक काढली नाही. विस्कटलेल्या पलंगाला टेकून पडलेला एक माणूस, अंगात झोपायचा सदरा, आणि त्याच्या अंगाखाली एक लहान मूल. चित्र बघायला दुकानासमोर लोक जमू लागले, तेव्हा सरकारने छापायचा शिळाठसाच ताब्यात घेतला.

त्या बायकांसाठी तुझ्याकडे याहून जवळचं साहित्य आहे आणि तू ते वापरतच नाहीस. तुमच्याकडे नवरा-बायको मिळून काय म्हणतात? एक कोयता. मुकादम ‘किती माणसं’ असं विचारत नाही, ‘किती कोयते’ विचारतो. उचल कोयत्यावर मिळते. एक दिवस पाळीमुळे, तापामुळे, कशामुळेही बाई फडात गेली नाही तर खाडा पडतो आणि त्याचे पैसे उचलीत चढतात. मी शहरातला माणूस, हे मला पन्नाशीत कळलं. तू हे शब्द पाळण्यात ऐकलेस. दोन जिवंत माणसांना एक हत्यार म्हणणारी भाषा रोज कानावर पडत असताना तू तराजू कशाला काढत बसलीस? कोयत्याला दोन जोड्या पाय काढ. किंवा काढू नकोस, तो माझा विनोद झाला, तुझा तुला सापडेल. दिवाळी झाली की तुझ्या दारावरून ट्रॅक्टर जातात ना, दोन दोन ट्रॉल्या, वर भांडी, कोंबड्या, पोरं? एखाद्या ट्रॉलीत काय काय भरलंय त्याची नुसती यादी कर. चित्र नंतर.

आता धंद्याचं थोडं.

पहिली कल्पना टाकून द्यायची. ती दुपारी बारापर्यंत व्हॉट्सअॅपवर फिरत असते. दुसरीही बहुधा कोणीतरी काढलेली असते. तिसऱ्याला बसावं लागतं, आणि तेव्हाच बाहेरगावी जाणाऱ्या डाक आवृत्तीची वेळ झालेली असते, हे दुखणं बरं होत नाही.

लेबलं चिकटवू नकोस. ज्या अजगरावर ‘महागाई’ असं लिहावं लागतं तो अजगर नीट काढलेला नसतो. शि. द. फडणीसांचं १९५२ सालचं ‘मोहिनी’ मासिकाचं मुखपृष्ठ शोध. एकाच्या कपड्यांवर मांजरं, दुसरीच्या कपड्यांवर उंदीर. अक्षर नाही. सामाजिक बिमाजिक काही नाही त्यात, पण शब्दावाचून सांगणं काय असतं ते कळेल. आणि ओळ लिहायचीच झाली तर तुझ्या बोलीत लिही. तुझ्या चित्रांतले शेतकरी ‘परंतु’ म्हणतात. बीडमध्ये कोण म्हणतं गं परंतु?

चेहरे आठवणीतून काढायची सवय लाव. टॅबवर फोटो ठेवून गिरवलेला चेहरा हुबेहूब येतो आणि मेलेला असतो. लक्ष्मण जन्मभर कावळे काढत राहिले, कोणी मागितले म्हणून नव्हे. तू शेळ्या काढ. शेळीला पुढाऱ्यापेक्षा जास्त भाव असतात.

संपादकाशी भांडण होणार. त्याबाबत माझा हिशेब साधा आहे. रेषा बदलायला सांगितली तर ऐकावं, बऱ्याचदा त्याचं बरोबर असतं. जागा बदलायला सांगितली, म्हणजे इथून बघू नकोस, तिथून बघ असं सांगितलं, तर चित्र मागे घ्यावं. सगळीच मागे घेता येत नाहीत, घरी दूधवाला असतो. मी किती घेतली ते विचारू नकोस.

अबू अब्राहम यांचं मात्र सांगतो. ते लंडनला ऑब्झर्व्हर आणि गार्डियनमध्ये चित्रं काढून परत आले, इंडियन एक्स्प्रेसमध्ये होते. १९७२ पासून राज्यसभेवर राष्ट्रपतीनियुक्त सदस्यही होते. म्हणजे सरकारनेच नेमलेले. आणीबाणी आली, वर्तमानपत्रांवर सेन्सॉर बसला. शंकर यांनी त्याच वर्षी आपलं साप्ताहिक बंद केलं, हुकूमशाहीला हसणं परवडत नाही अशा अर्थाचं लिहून. अबू थांबले नाहीत. १० डिसेंबर १९७५ च्या अंकात त्यांचं चित्र आलं. राष्ट्रपती न्हाणीघरात टबमध्ये बसलेत, दारातून आलेल्या हाताला सही केलेला वटहुकूम देतायत, आणि अजून असतील तर जरा थांबायला सांगा, असं म्हणतायत. सेन्सॉरने ते कसं जाऊ दिलं, देव जाणे. सभासदाच्या आसनावर बसून त्यांनी न्हाणीघराचं दार उघडलं. खुर्ची मिळाली की नजर जाते असं आम्ही म्हणतो, ते सगळ्यांना लागू नाही.

भीतीचं विचारलंयस. असीम त्रिवेदीला २०१२ साली मुंबईत राजद्रोहाच्या कलमाखाली अटक झाली होती, व्यंगचित्रांसाठी. मुंबई उच्च न्यायालयाने पुढे पोलिसांना ते कलम असं उठसूट लावता येणार नाही असं बजावलं. न्यायालय बजावतं, पण तोवर माणूस आत जाऊन आलेला असतो. एका वकिलाचा नंबर जवळ ठेव. घरच्यांना चित्र छापून यायच्या आधी दाखव, नंतर नको. आईला धक्का बसायचा असेल तर तो शेजारणीकडून बसू नये.

पैशांचं तर लिहायलाच नको. न्यूयॉर्क टाइम्सने २०१९ मध्ये आंतरराष्ट्रीय आवृत्तीतली रोजची राजकीय व्यंगचित्रं बंद केली. आपल्याकडे पगारी व्यंगचित्रकार ठेवणारी दैनिकं मोजायला एक हात पुरतो. कलाशिक्षकाची नोकरी मिळत असेल तर घे, लाजू नकोस. वसंत सरवटे सिमेंट कंपनीत इंजिनिअर होते. मंगेश तेंडुलकर खडकीच्या दारूगोळा कारखान्यात होते. तेंडुलकर दिवाळीत पुण्याच्या नळस्टॉप चौकात जाऊन उभे राहायचे आणि गाड्या थांबल्या की लोकांच्या हातात शुभेच्छापत्र ठेवायचे, स्वतः काढलेलं, वाहतुकीचे नियम पाळा म्हणून. वय झालं होतं, धूर खात उभे असायचे. एकदा मला सिग्नलला त्यांनी दिलं होतं. मी घाईत होतो, खिशात कोंबलं, आणि पुढच्या सिग्नलला मला पिवळा दिवा तोडताना फार चोरट्यासारखं झालं. थांबलो.

असो. सातवं चित्र.

पुढच्या बाजूला तू टँकर काढलायस, त्यावर हार घातलेला पुढारी, खाली घागरी घेतलेल्या बायका. नेहमीचंच. पण कागद उलटला तर मागे बॉलपेनने काहीतरी गिरवलंय. फोनवर बोलताना काढलं असशील, कोपऱ्यात एक मोबाइल नंबरही आहे. एक बाई निळ्या प्लास्टिकच्या ड्रमवर बसलीय, रस्त्याकडे तोंड करून, म्हणजे आपल्याकडे पाठच. ड्रमच्या झाकणाला भोक पाडून तार ओवलीय, तारेला कुलूप. आणि मान वळलेली आहे म्हणून गळ्यातलं दिसतं. मंगळसूत्राच्या वाट्यांशेजारी किल्ली.

हे सुचत नाही पोरी, हे दिसावं लागतं. तार कुठून ओवतात हे दादरला बसून कोणाला कळणार? पाण्याला कुलूप घालतात आणि किल्ली सौभाग्याच्या दोऱ्यात ठेवतात, आणि तू ती मागच्या बाजूला काढून त्यावर कोणाचा तरी नंबर लिहून टाकलास.

अकरा चित्रं माझ्याकडेच राहू देत. सातवं परत पाठवतोय, पालथं घालून. सोबत शाईची बाटली आहे, निम्मी भरलेली, आणि माझा एक जुना ब्रश. त्याची टोकं फाकतात, ओल्या ओठांत धरून नीट करायची. शाई लावताना झाकण आणि तार बारीक काढ, बाईची पाठ एका ओढीत येऊ दे, त्या बैलाच्या मानेसारखी. किल्ली बॉलपेनने दोनदा गिरवलेली आहे, ती तशीच ठेव. झालं की फोटो नको, कागद पाठव. वॉचमनला सांगून ठेवलंय.

तुझा,
काका
(सर म्हणू नकोस.)